बर्फ न टिकणाऱ्या देशातला स्कीपटू

१९८८ च्या कॅल्गरी हिवाळी ऑलिंपिकला ब्रिटनच्या संघात दोन मायकेल होते. एक मायकेल एडवर्ड्स. जाड भिंगांचा चष्मा लावून स्की-जंपिंगच्या दोन्ही स्पर्धांत शेवटचा आला आणि ‘एडी द ईगल’ म्हणून जगभर ओळखला जाऊ लागला. पुढे त्याच्यावर चित्रपटही निघाला. दुसरा मायकेल डिक्सन, स्कॉटलंडचा. तो त्याच स्पर्धांत बायथलॉनमध्ये, म्हणजे स्कीइंग आणि नेमबाजी यांच्या जोड-खेळात, उतरला. त्याआधी १९८४ ला सारायेव्होत तो क्रॉस-कंट्री स्कीइंग खेळला होता, आणि पुढे २००२ पर्यंत प्रत्येक हिवाळी ऑलिंपिकला हजर राहणार होता. कॅल्गरीची आठवण निघाली की आजही पहिल्या मायकेलचेच नाव घेतले जाते. एडवर्ड्सच्या धाडसाबद्दल मला पुरेपूर आदर आहे. पण ज्या देशांत बर्फ टिकत नाही त्यांच्या हिवाळी खेळाडूंचे मोजमाप कसे करायचे, हा प्रश्न सोडवायचा तर दुसऱ्या मायकेलकडे पाहावे लागते.

हा प्रश्न ऑलिंपिकच्या आयोजकांनाही पडला होता. कॅल्गरीनंतर प्रवेशाचे निकष कडक झाले. आंतरराष्ट्रीय स्पर्धांत पहिल्या ३० टक्क्यांत किंवा पहिल्या ५० खेळाडूंत असल्याशिवाय दार उघडणार नाही, असा नियम आला. लोक त्याला ‘एडी द ईगल नियम’ म्हणतात. डिक्सनच्या सहापैकी चार ऑलिंपिक स्पर्धा कॅल्गरीनंतरच्या, म्हणजे दार अरुंद झाल्यानंतरच्या आहेत. हौशी पाहुणा म्हणून कोणी इतकी वर्षे आत येऊ शकत नाही.

डिक्सनचा जन्म १९६२ च्या नोव्हेंबरचा, फोर्ट विल्यमचा. हे गाव बेन नेव्हिसच्या पायथ्याशी आहे. बेन नेव्हिस हा ब्रिटनमधला सर्वांत उंच डोंगर, उंची १,३४५ मीटर. आपले कळसूबाई त्याच्याहून तीनशे मीटरने उंच आहे. तेव्हा स्कॉटलंडमध्ये बर्फ पडतो तो उंचीमुळे कमी आणि उत्तरेकडच्या अक्षांशामुळे जास्त. पण तो टिकत नाही. पश्चिमेला अटलांटिक महासागर आहे. तिकडून दमट, कोमट वारा आला की रात्रीत जमलेला थर दोन दिवसांत वितळतो, आणि उरलेला वादळी वाऱ्याने कड्यांवरून उडून जातो. उतारावरच्या स्कीइंगला, म्हणजे आल्पाइन प्रकाराला, डोंगराच्या घळीत साठलेला बर्फही पुरतो. कॅर्नगॉर्मवर १९६१ मध्ये चेअरलिफ्ट सुरू झाली आणि अव्हिमोर हे गाव त्यावर वाढले. क्रॉस-कंट्रीला मात्र किलोमीटरच्या किलोमीटर सलग, सपाट-चढउताराच्या वाटा बर्फाखाली लागतात, त्याही जंगलात, दिवसेंदिवस. नॉर्वेत नोव्हेंबर ते एप्रिल त्या मिळतात. स्कॉटलंडमध्ये एखाद्या वर्षी महिनाभर मिळतात, एखाद्या वर्षी मिळतच नाहीत.

तरीही या डोंगरांना नॉर्डिक स्कीइंगचा इतिहास अगदीच नाही असे नाही. दुसऱ्या महायुद्धात नॉर्वेवर जर्मनीचा कब्जा असताना ‘कंपनी लिंगे’ या नॉर्वेजियन तुकडीचे सैनिक कॅर्नगॉर्मच्या परिसरातच तयार झाले. फेब्रुवारी १९४३ मध्ये व्हेमोर्कचा जडपाणी कारखाना उद्ध्वस्त करणारे जवान याच तुकडीचे. ग्लेनमोरला त्यांचे स्मारक आहे. पाठीवर रायफल आणि पायांत स्की ही जोडी त्या दरीला खेळ म्हणून कळली त्याआधी युद्धाचे साधन म्हणून कळली होती.

बायथलॉनचा उगमही असाच आहे. अठराव्या शतकात नॉर्वेच्या सीमेवरच्या तुकड्यांत स्की आणि बंदूक यांच्या चढाओढी होत असत. ऑलिंपिकमध्ये हा खेळ आजच्या नावाने १९६० ला स्क्वॉ व्हॅलीत आला. स्वीडनचा क्लास लेस्टांडर तिथे जिंकला तो वीसपैकी वीस गोळ्या लागल्यामुळे. नुसत्या स्कीइंगच्या वेळेत तो पंधरावा होता. या खेळाचा स्वभाव त्या पहिल्याच निकालात दिसतो, आणि डिक्सनच्या कारकिर्दीतला सर्वांत चांगला दिवस समजून घ्यायलाही तोच उपयोगी पडतो.

खेळ असा आहे. सुमारे साडेतीन किलोची रायफल पट्ट्यांनी पाठीला बांधून स्कीवर धावायचे. ठरलेल्या अंतराने मैदानात यायचे, काठ्या बाजूला टाकायच्या आणि पन्नास मीटरवरच्या पाच काळ्या वर्तुळांवर पाच गोळ्या झाडायच्या. कधी पालथे झोपून, कधी उभ्याने. झोपून मारताना ग्राह्य वर्तुळ ४५ मिलिमीटरचे, उभ्याने मारताना ११५ मिलिमीटरचे. पूर्वी मोठ्या बोअरची लष्करी रायफल वापरत आणि लक्ष्यही बरेच दूर असे. १९७८ पासून .२२ ची छोटी गोळी आली आणि अंतर पन्नास मीटरवर आले. आपल्याकडच्या नेमबाजांना ही गोळी आणि हे अंतर दोन्ही ओळखीचे आहेत. कोल्हापूर जिल्ह्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने २०२४ ला पॅरिसमध्ये ब्राँझ मिळवले ते याच जातीच्या गोळीवर, याच पन्नास मीटरवर. त्याच्या लक्ष्यातले दहाचे वर्तुळ मात्र जेमतेम साडेदहा मिलिमीटरचे असते, आणि त्यासाठी त्याला श्वास शांत करायला सवड असते. बायथलॉनपटूचे वर्तुळ त्यामानाने मोठे असते, पण तो मैदानात येतो तेव्हा छातीचे ठोके मिनिटाला १७० च्या पुढे असतात. पाच गोळ्या साधारण अर्ध्या मिनिटात संपवायच्या असतात. उभ्याने मारताना रायफलचे टोक ठोक्यागणिक हलते. ते थांबण्याची वाट पाहावी तर मांड्या थरथरू लागतात. म्हणून तो दोन श्वासांच्या मधल्या क्षणी घोडा ओढायला शिकतो, आणि हे शिकायला वर्षे जातात. मधेच वारा बदलला तर साइटची कळ किती फिरवायची हा निर्णय त्याने मैदानात शिरताना, झेंड्यांकडे एक नजर टाकून घेतलेला असतो.

चुकीची किंमत स्पर्धेच्या प्रकारावर ठरते. दहा किलोमीटरच्या स्प्रिंटमध्ये प्रत्येक चुकीमागे १५० मीटरची दंडाची फेरी. वीस किलोमीटरच्या वैयक्तिक स्पर्धेत प्रत्येक चुकीमागे सरळ एक मिनिट. एका मिनिटात चांगला स्कीपटू जवळपास चारशे मीटर जातो. म्हणून वीस किलोमीटरची स्पर्धा हीच अशी जागा आहे, जिथे पायांनी थोडा मागे असलेला माणूस हातांनी ते अंतर भरून काढू शकतो.

१९९२ ला अल्बरव्हिल ऑलिंपिकमध्ये, ले सेझी या गावी, डिक्सन वीस किलोमीटरमध्ये बारावा आला. त्या शर्यतीचा निकाल पाहण्यासारखा आहे. जर्मनीचा मार्क किर्शनर स्कीइंगमध्ये कितीतरी वेगवान होता. काही दिवसांपूर्वीच त्याने स्प्रिंटचे सुवर्ण नेले होते. पण वीस किलोमीटरमध्ये त्याच्या तीन गोळ्या चुकल्या, तीन मिनिटे अंगावर आली, आणि एकही गोळी न चुकवणाऱ्या येव्हगेनी रेडकिनने त्याला सुमारे साडेसहा सेकंदांनी मागे टाकले. रेडकिन तेव्हा जेमतेम बावीस वर्षांचा, फारसे कोणाला माहीत नसलेला. नव्वदीच्या घरातल्या स्पर्धकांत, रशियन, जर्मन, नॉर्वेजियन, इटालियन, फ्रेंच संघांचे निवडक खेळाडू असताना, घरी वर्षातून काही आठवडेच बर्फ पाहणाऱ्या देशाचा माणूस बारावा आला. त्या वर्षी ब्रिटनच्या संपूर्ण संघाला एकही पदक मिळाले नाही. कॅल्गरीलाही मिळाले नव्हते. पदकांच्या तक्त्यात ते ऑलिंपिक शून्य म्हणूनच नोंदले गेले. माझ्या मते त्या शून्याच्या आत दडलेला हा बारावा क्रमांक त्या दशकातल्या ब्रिटिश हिवाळी खेळातल्या मोठ्या कामगिऱ्यांपैकी एक आहे.

पण डिक्सनची खरी गोष्ट एका दिवसाची नाही. ती अठरा वर्षांची आहे, आणि या अठरा वर्षांत त्याचा खेळ त्याच्या पायाखालून बदलत गेला.

सारायेव्होत तो ज्या क्रॉस-कंट्रीत उतरला ती पारंपरिक शैलीची होती: बर्फात कोरलेल्या दोन समांतर चाकोऱ्या, त्यांतून पाय एकामागून एक सरळ पुढे सरकवणे. त्याच सुमाराला अमेरिकेच्या बिल कॉखमुळे एक वेगळी चाल पसरली होती. स्केटिंगसारखे पाय तिरके टाकत, स्कीच्या कडेने बर्फ मागे ढकलत जायचे. ती इतकी वेगवान होती की दोन-तीन हंगामांतच खेळ दुभंगला. क्रॉस-कंट्रीने स्पर्धांची क्लासिक आणि फ्रीस्टाइल अशी वाटणी केली. बायथलॉनने मात्र ऐंशीच्या दशकाच्या मध्यात नवी चाल पूर्णपणे स्वीकारली. म्हणजे लहानपणापासून ज्या लयीत शरीर घडले ती टाकून, विशीच्या मध्यावर नवी लय बसवणे भाग पडले. स्की आखूड झाल्या, काठ्या लांब झाल्या. पूर्वी चढावर पाय मागे घसरू नये म्हणून स्कीच्या मधोमध चिकट मेण लावत. आता फक्त घसरण्याचे मेण उरले, आणि त्याची निवड हे स्वतंत्र शास्त्र होऊन बसले. आणि डिक्सनने याच वळणावर त्यात रायफलही उचलली. नव्या चालीबरोबर नवी विद्या शिकला तो अशा देशात, जिथे दोन्हींचा सराव करायला बर्फाची खात्री नव्हती.

असे बदलत राहणारे आणखी काही जण आहेत. रशियाचा सर्गेई चेपिकोव १९८८ ते २००६ दरम्यान सहा ऑलिंपिक खेळला. मधले १९९८ चे नागानो त्याने क्रॉस-कंट्रीत खेळून पाहिले आणि पुन्हा बायथलॉनकडे परतला. ऑस्ट्रियाचा आल्फ्रेड एडरही सहा ऑलिंपिक खेळलेला. नॉर्वेच्या ओले एइनार ब्यर्नडालेनने १९९४ ते २०१४ या सहा स्पर्धांत आठ सुवर्णांसह तेरा पदके जमवली, आणि सोचीचे स्प्रिंट सुवर्ण जिंकले तेव्हा तो चाळीस वर्षांचा होता. सहनशक्तीच्या खेळात शरीर उशिरापर्यंत साथ देते आणि नेमबाजीत अनुभव वाढतच जातो. लांब कारकिर्दींमागचे हे शरीरशास्त्र सगळ्यांना सारखे लागू आहे. बाकीच्या तिघांच्या मागे मात्र पिढ्यान्‌पिढ्यांची यंत्रणा होती. डिक्सन ज्यांच्याशी बरोबरी करत होता ते शरीराने त्याच्यासारखेच होते, पण त्यांच्या पाठीशी असलेले जग वेगळे होते.

एक तपशील इथे प्रामाणिकपणे नोंदवायला हवा. सहा ऑलिंपिक म्हणजे एरवी वीस वर्षे. १९९२ नंतर हिवाळी स्पर्धा उन्हाळीपासून वेगळ्या केल्या आणि पुढची स्पर्धा दोनच वर्षांत, १९९४ ला लिलहॅमरला झाली. त्यामुळे डिक्सनचा प्रवास अठरा वर्षांत बसला: सारायेव्हो, कॅल्गरी, अल्बरव्हिल, लिलहॅमर, नागानो, सॉल्ट लेक सिटी. पहिल्या वेळी वय एकवीस, शेवटच्या वेळी एकोणचाळीस. या काळात सारायेव्होचा इग्मन पर्वत युद्धभूमी झाला, ज्यांच्याशी तो सुरुवातीला स्पर्धा करी ते सोव्हिएत युनियन, पूर्व जर्मनी आणि युगोस्लाव्हिया नकाशावरून नाहीसे झाले, आणि बायथलॉनची स्वतंत्र आंतरराष्ट्रीय संघटना १९९३ मध्ये उभी राहिली. सॉल्ट लेकला पाठलागाची नवी शर्यत आली होती आणि ब्यर्नडालेनने तिच्यासह चारही सुवर्णे नेली.

हे सगळे कशाच्या बळावर झाले? उत्तरात लष्कराचे नाव येते. ब्रिटनमध्ये बायथलॉन अनेक दशके जगला तो मुख्यतः सैन्यात. शीतयुद्धात नॉर्वेच्या उत्तरेला लढण्याची तयारी म्हणून ब्रिटिश तुकड्या दर हिवाळ्यात तिकडे सरावाला जात. त्यातून स्की आणि रायफल येणारे जवान तयार होत, सैन्याच्या आपसातल्या स्पर्धा होत, आणि त्यातले पुढे गेलेले राष्ट्रीय संघात येत. डिक्सनही सैन्यातलाच. पगार चालू, महिनोन्‌महिने सरावाची मुभा, आल्प्स आणि स्कँडिनेव्हियात राहण्याची सोय, हे सगळे नागरी जीवनात त्या काळी कोणाला मिळाले नसते.

याला कमीपणा मानण्याचे कारण नाही. जर्मनीचे बायथलॉनपटू सैन्यात किंवा सीमाशुल्क खात्यात असतात, इटलीचे काराबिनिएरी आणि इतर दलांत असतात. कुसाळेला नोकरी रेल्वेने दिली. ज्या खेळात बाजारात पैसा नाही तिथे खेळाडूला कुठली ना कुठली सरकारी नोकरीच पोसते. फरक पुढे आहे. जर्मनीत त्या नोकरीच्या भोवती गावोगावचे क्लब, ओबरहोफ आणि रुहपोल्डिंगची मैदाने, मेणाचे तज्ज्ञ, प्रशिक्षक, दूरचित्रवाणीवरचा प्रेक्षकवर्ग असे सगळे होते. ब्रिटनमध्ये नोकरी होती. तिच्याभोवतीचे बाकीचे नव्हते. सैन्य एखादा डिक्सन घडवू शकते, पण पुढचा आपोआप येईल याची व्यवस्था करत नाही. जवान बदलीवर जातात, निवृत्त होतात, आणि त्यांच्याबरोबर त्यांचे शहाणपणही जाते.

स्कॉटलंडमध्ये यावरचे उत्तर एका छोट्या गावातून आले. ॲबर्डीनशायरमधल्या हंटलीत नॉर्डिक स्की क्लब आहे आणि बर्फ नसताना सरावासाठी चाकांच्या रोलर-स्कीचा डांबरी ट्रॅक आहे. बर्फ पडला की जवळच्या क्लॅशिंडॅरॉकच्या जंगलात वाटा आखतात. मुले शाळेच्या वयात येतात, आणि डांबरावर का होईना, ती लय अंगात मुरते. २०१४ च्या सोची ऑलिंपिकला ब्रिटनच्या क्रॉस-कंट्री संघातले अँड्र्यू मस्ग्रेव्ह, अँड्र्यू यंग, कॅलम स्मिथ याच क्लबचे. त्याच वर्षी जानेवारीत मस्ग्रेव्ह नॉर्वेची राष्ट्रीय स्प्रिंट स्पर्धा जिंकून आला होता, नॉर्वेजियनांच्या घरात. २०१५ च्या डिसेंबरात यंगने तोब्लाखच्या विश्वचषक स्प्रिंटमध्ये तिसरा क्रमांक मिळवला. २०१७ च्या लाहती जागतिक स्पर्धेत मस्ग्रेव्ह तीस किलोमीटर स्कीॲथलॉनमध्ये चौथा, तर २०१८ च्या प्यॉंगचांग ऑलिंपिकला त्याच शर्यतीत सातवा आला.

डिक्सन एकटा गेला. हंटलीची मुले टोळीने गेली. माझ्या दृष्टीने या साऱ्या आढाव्यातला कळीचा मुद्दा हाच आहे. गावातल्या क्लबने केलेले काम राष्ट्रीय संस्थांना जमले नाही. व्हँकुव्हरच्या ऑलिंपिकला आठवडाभर राहिला असताना, फेब्रुवारी २०१० मध्ये, ‘स्नोस्पोर्ट जीबी’ ही ब्रिटनची स्की संघटना दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली. लॉटरीच्या निधीने ब्रिटनचे उन्हाळी खेळ पालटले हे खरे, पण तो पदकाच्या शक्यतेवर वाटला जातो. बारावा, सातवा अशा क्रमांकांना त्या हिशेबात जागा फार थोडी असते. हे धोरण मला आतून चुकीचे वाटते. बर्फाच्या देशांशी झुंजणाऱ्या खेळाडूला पदकापर्यंत पोहोचायला आधी बारावे यावे लागते, मग सातवे. मधल्या पायऱ्यांना पैसा नाकारला की वरची पायरी येतच नाही.

स्कॉटलंडपुरते बोलायचे तर डिक्सनची शेवटची स्पर्धा त्या भूमीसाठी मोठी ठरली. सॉल्ट लेकला ऱ्होना मार्टिनच्या स्कॉटिश संघाने कर्लिंगचे सुवर्ण जिंकले. अव्हिमोरचा ॲलन बॅक्स्टर स्लॅलममध्ये तिसरा आला, ब्रिटनचे स्कीइंगमधले पहिले ऑलिंपिक पदक घेऊन. आणि सर्दीसाठी वापरलेल्या इनहेलरमधल्या घटकामुळे ते त्याच्याकडून काढून घेतले गेले. या दोन गोष्टींच्या गदारोळात एकोणचाळीस वर्षांच्या बायथलॉनपटूचे निरोप घेणे कोणाच्या लक्षात राहिले नसेल, यात नवल नाही.

नागानो आणि सॉल्ट लेक या दोन्ही ठिकाणी डिक्सनसोबत एका भारतीयानेही भाग घेतला होता: मनालीजवळच्या वशिष्ठ गावचा शिवा केशवन. १९९८ ला तो सोळा वर्षांचा होता, ल्यूजमध्ये उतरला, आणि २०१८ पर्यंत सहा ऑलिंपिक खेळला. दोन्ही वेळी भारताचा तो एकटाच खेळाडू होता. आपल्याकडे ल्यूजचा ट्रॅक नाही; चाके लावलेल्या स्लेजवरून हिमालयातल्या रहदारीच्या रस्त्यांवर त्याने सराव केला. संख्येने त्याची कारकीर्द डिक्सनइतकीच लांब आहे, अडचणींनी अधिक. क्रॉस-कंट्रीत आपली वाटही ब्रिटिशांसारखी सैन्यातूनच गेली. गुलमर्गची हाय अल्टिट्यूड वॉरफेअर स्कूल ही आपल्या स्कीपटूंची मोठी शाळा, आणि २०१८ ला प्यॉंगचांगच्या पंधरा किलोमीटरला उतरलेला जगदीश सिंग हाही जवानच. गुलमर्गला, औलीला बर्फ स्कॉटलंडहून अधिक आणि अधिक भरवशाचा आहे. हंटलीसारखा क्लब मात्र मला तिथे दिसत नाही, ज्यात गावातली मुले शाळा सुटल्यावर येतील आणि मोठ्यांनी त्यांना आपली चाल, आपले मेणाचे ज्ञान देऊन टाकावे.

निवृत्तीनंतर डिक्सन युरोस्पोर्टवर बायथलॉनचे समालोचन करू लागला. खेळाडू मैदानात शिरताना झेंड्यांकडे का पाहतो, तिसऱ्या गोळीनंतर एखादा का थांबतो, चढावर कोणाची चाल अडखळते, हे सांगणारा इंग्रजी आवाज ज्या प्रेक्षकांना मिळाला त्यांच्या देशात हा खेळ कधी लोकप्रिय नव्हता. समालोचन ऐकून एखादे मूल हंटलीच्या डांबरी ट्रॅकवर गेले असेल, तर ते डिक्सनच्या सातव्या ऑलिंपिकच्याच खात्यावर जमा म्हणता येईल.